उंबरठ्यावर अडकलेली समीक्षा

मुंबई-गोवा महामार्गावर नागोठणे मागे पडले की कोलाडच्या अलीकडे खांब लागते. तालुका रोहा, उत्तरेकडे हाच महामार्ग पेणला जाऊन मिळतो. या पट्ट्यातील माणसाला पूर्वी गाजलेले नवे नाटक पाहायचे तर मुंबईची वाट धरावी लागे. कलाकृती दृष्टीस पडण्याआधी तिची कीर्ती किंवा अपकीर्ती कानी येई. वृत्तपत्रातील परीक्षण, गणपतीला गावी आलेल्या चाकरमान्याचा अभिप्राय आणि तिकीट-खिडकीवरील 'फक्त प्रौढांसाठी' ही पाटी, अशा तीन चाळण्यांतून जे उरे तेवढेच घरापर्यंत पोहोचत असे.

आज या तिन्ही चाळण्या निकामी झाल्या आहेत. मराठी मालिका, हिंदी वेबमालिका, कोरियातील कौटुंबिक कथा आणि तरुण मुले ज्यांना 'ॲनिमे' म्हणतात त्या जपानी चित्रमालिका, हे सारे हातातल्या मोबाइलवर एका रांगेत उभे असते. प्रौढांसाठी म्हणून बनवलेल्या आणि विवाहित स्त्रीला मध्यभागी ठेवणाऱ्या कथांची त्यात वाण नाही. आईवडील धास्तावतात, हे स्वाभाविकच आहे. 'हे सगळे बंद करा' हा एक उद्गार ऐकू येतो. 'कलेला कुंपण नको' हा दुसरा. यांपैकी एकही उद्गार नवा नाही. मराठी रंगभूमी आणि मराठी चित्रपट यांनी शंभरावर वर्षे हाच वाद अनुभवला आहे.

त्या शतकाचा हिशेब मांडला तर एक गोष्ट ठळकपणे जाणवते. विवाहित स्त्रीवरील कलाकृतीचे मूल्यमापन करताना दोन्ही पक्षांची दृष्टी एकाच जागी, घराच्या उंबरठ्यावर, अडकून राहिली. ती घरात राहिली की बाहेर पडली, एवढेच पाहून एका पक्षाने टाळी वाजवली आणि दुसऱ्याने निषेध नोंदवला. तिच्या मनात काय चालले होते, ते लेखकाने प्रामाणिकपणे दाखवले का आणि तिच्या निर्णयाची किंमत कोणी मोजली, हे प्रश्न मागे पडले. वस्तुतः कसोटी तीच असावयास हवी.

परंपरा म्हणजे मौन नव्हे

विवाहित स्त्रीच्या मनाविषयी बोलणे हीच मुळात पाश्चात्त्यांची उसनवारी, असा एक समज अनेक सुशिक्षित घरांत आढळतो. महाराष्ट्राचे सर्वांत जुने काव्यधन हा समज खोडून काढते. सातवाहन राजा हाल याच्या नावाशी निगडित असलेली 'गाथासप्तशती' महाराष्ट्री प्राकृतात आहे. तिच्या सातशे गाथांत शेतकरी आहेत, गावचा पाटील आहे, पावसाळा आहे. त्याचबरोबर परगावी गेलेल्या पतीची वाट पाहणारी पत्नी आहे, सासूच्या नजरेखाली वावरणारी सून आहे, विरह आहे, अभिलाषा आहे आणि लपवून ठेवलेले प्रेमही आहे. या गाथा जतन करणाऱ्यांना त्यात संस्कृतीचा ऱ्हास दिसला नाही. गृहिणीलाही मन असते, ही गोष्ट त्या समाजाला ठाऊक होती.

लिहिता न येणाऱ्या स्त्रियांनीही हे मन व्यक्त केले. कोलाडहून ताम्हिणीचा घाट चढून गेले की मुळशीचा मुलूख लागतो. तेथील आणि महाराष्ट्राच्या इतर भागांतील स्त्रियांच्या जात्यावरील ओव्या हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी वर्षानुवर्षे गोळा केल्या. त्यांची संख्या एक लाखाहून अधिक भरली. पहाटेच्या अंधारात, घरातील पुरुष झोपेत असताना, दळणाच्या घरघरीत स्त्रीने सासुरवास, माहेरची ओढ, नवऱ्याचे प्रेम आणि नवऱ्याचा जाच हे सारे सांगून टाकले. त्या ओव्यांना परिनिरीक्षण मंडळ नव्हते आणि परीक्षणही नव्हते. ऐकणारी स्त्री पलीकडच्या खुंट्याला हात लावून बसलेली असे, आणि तिला त्यातले अक्षर न् अक्षर कळत असे.

महाभारतातील द्यूतसभेत द्रौपदीने विचारलेला प्रश्न हा एका विवाहित स्त्रीचाच प्रश्न होता. स्वतःला हरलेल्या पतीला पत्नी पणाला लावण्याचा अधिकार उरतो काय, असे तिने भर सभेत विचारले आणि भीष्मांसारख्या ज्येष्ठालाही त्याचे निःसंदिग्ध उत्तर देता आले नाही. ज्या परंपरेने हा प्रश्न आपल्या महाकाव्याच्या मध्यभागी ठेवला, त्या परंपरेच्या नावाने स्त्रीला गप्प बसवणे हे परंपरेचे अज्ञान होय.

सिंधू, गीता आणि नीरा

आधुनिक मराठी रंगभूमीवरील विवाहित स्त्रीचे नाव काढताच सिंधू डोळ्यांसमोर येते. राम गणेश गडकरी यांचे 'एकच प्याला' १९१९ मध्ये रंगभूमीवर आले. त्याच वर्षी जानेवारीत गडकरी निवर्तले होते, त्यामुळे त्यांना हा प्रयोग पाहता आला नाही. बालगंधर्वांनी सिंधूची भूमिका केली आणि मद्याच्या आहारी गेलेल्या सुधाकराची सोशिक पत्नी घराघरांत पोहोचली. पुढे समीक्षेत दोन तट पडले. एकाला सिंधू पातिव्रत्याचा आदर्श वाटली, दुसऱ्याला ती दास्याचे प्रतीक वाटली.

दोन्ही तटांना एका गोष्टीचा विसर पडला. याच नाटकात तळीरामाची बायको गीता आहे. नवऱ्याच्या व्यसनाला ती तोंडावर उत्तर देते आणि सहन करण्यास नकार देते. गडकऱ्यांनी एकाच संकटात सापडलेल्या दोन विवाहिता शेजारीशेजारी उभ्या केल्या. सिंधूचे मौन किती महाग पडते, हे सांगण्यासाठीच गीतेचा आवाज तेथे आहे. नाटककाराने स्त्रीची दोन मने दाखवली; समीक्षेने त्यांतील एकच पाहिले.

पुढे १९३७ मध्ये 'प्रभात'चा 'कुंकू' आला. नारायण हरी आपटे यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवर आधारलेला हा चित्रपट व्ही. शांताराम यांनी दिग्दर्शित केला. शांता आपटे यांची नीरा फसवणुकीने वृद्ध वकिलाच्या गळ्यात बांधली जाते. ती पळून जात नाही. त्याच घरात राहते, पण त्या विवाहाला विवाह मानण्यास ठाम नकार देते. केशवराव दाते यांचे काकासाहेब हेही निव्वळ खलपुरुष नाहीत. आपल्या हातून घडलेला अन्याय त्यांना हळूहळू उमगत जातो आणि अखेर तो त्यांच्या जिवावर बेततो. काकासाहेबांच्या सुधारक कन्येची भूमिका शकुंतला परांजपे यांनी केली. संततिनियमनाच्या प्रचारासाठी त्या स्वतः प्रत्यक्ष आयुष्यातही झटल्या.

'कुंकू'ची थोरवी कशात आहे? नीरा उंबरठा ओलांडत नाही आणि शरणही जात नाही. कुंकू पुसण्याची घोषणा तो करत नाही. कुंकवामागे संमती असावी लागते, एवढेच सांगतो. विवाह हा संस्कार मानायचा तर त्यात दोन्ही मने हवीत, ही गोष्ट या चित्रपटाने कोणतेही भाषण न देता मराठी माणसाला पटवली. पंचाऐंशीहून अधिक वर्षे लोटली तरी नीरा जुनी झालेली नाही, त्याचे हेच कारण आहे.

एक बाइंडर आणि दोन बायका

यानंतरचा सर्वांत मोठा वाद १९७२ मधील. विजय तेंडुलकर यांचे 'सखाराम बाइंडर' कमलाकर सारंग यांनी रंगभूमीवर आणले. निळू फुले सखारामच्या आणि लालन सारंग चंपाच्या भूमिकेत होत्या. नवऱ्याने टाकलेल्या किंवा नवऱ्याला सोडून आलेल्या बायकांना सखाराम आपल्या अटींवर घरात ठेवतो, असे त्याचे कथानक. परिनिरीक्षण मंडळाने आक्षेप घेतले, कापाकापी सुचवली. प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेले आणि निकाल नाटकाच्या बाजूने लागला. संस्कृतिरक्षणाच्या नावाने निदर्शनेही झाली.

या वादाचे केंद्र सखारामची भाषा आणि त्याचे वर्तन हे होते. विरोधकांनी त्याच्या शिव्या मोजल्या. समर्थकांनी त्याच्या बेधडकपणात मध्यमवर्गीय ढोंगावरील प्रहार पाहिला. नाटकात दोन विवाहिता आहेत, याकडे मात्र दोन्ही बाजूंचे लक्ष थोडेच गेले. लक्ष्मी देवभोळी आहे. ज्या पुरुषाने तिला पत्नीचे नाव दिले नाही त्यालाच ती मनोमन पती मानते. चंपा आपल्या फौजदार नवऱ्याच्या छळातून सुटून आली आहे आणि शरीराची किंमत मोजताना शुद्ध हरपावी म्हणून दारू पिते. शेवटी चंपाचा खून होतो आणि सोशिक लक्ष्मीच त्या खुनाला मातीआड करण्यात पुढाकार घेते.

हे दृश्य अंगावर काटा आणते. त्यात उत्तेजक असे काहीही नाही. आश्रयाला जागा नसलेली स्त्री एका छपरासाठी किती टोकाला जाऊ शकते, हे तेंडुलकर सांगत होते. टाकलेल्या स्त्रीला समाजाने आणि तिच्या माहेराने आधार दिला असता तर सखारामचे घर ओसच पडले असते. कुटुंबव्यवस्थेची काळजी वाहणाऱ्यांनी खरे तर हा प्रश्न आपलासा करावयास हवा होता. शिव्यांवर आक्षेप घेण्याच्या भरात तो निसटला. दुसरीकडे, सखारामला बंडखोर नायक ठरवणाऱ्या समीक्षकांनीही त्या दोन स्त्रियांवर अन्यायच केला. बंडखोरी त्याची आणि हाल त्यांचे, असा तो व्यवहार होता.

दार ओढून घेतल्यानंतर

विवाहित स्त्रीने घर सोडण्याचा प्रश्न जगाच्या रंगभूमीवर हेन्रिक इब्सेन यांच्या नोराने १८७९ मध्ये आणला. जर्मनीतील प्रयोगासाठी हा शेवट प्रेक्षकांना रुचणार नाही, अशी भीती व्यक्त झाली. दुसऱ्या कोणी शेवट बदलण्यापेक्षा स्वतःच बदललेला बरा म्हणून इब्सेन यांनी १८८० मध्ये नोरा मुलांकडे पाहून थांबते असा पर्यायी शेवट लिहून दिला. मात्र तो त्यांना स्वतःला कधीही मान्य नव्हता. शेवट बदलल्याने काय झाले? नाटकातील तीन अंकांची घुसमट तशीच राहिली, फक्त दार वाजले नाही.

मराठीत या दाराचा आवाज सर्वांत स्पष्ट ऐकू आला तो 'उंबरठा'मध्ये. शांता निसळ यांच्या 'बेघर' या कादंबरीवरून तेंडुलकरांनी पटकथा लिहिली आणि जब्बार पटेल यांचा हा चित्रपट १९८२ मध्ये प्रदर्शित झाला. स्मिता पाटील यांची सुलभा महाजन ही सुखवस्तू घरातील सून महिलाश्रमाच्या अधीक्षकपदासाठी पती आणि मुलीला सोडून परगावी जाते. आश्रमातील भ्रष्टाचाराशी झुंजून हरते, परत येते, तर पतीच्या आयुष्यात दुसरी स्त्री आलेली असते. त्यानंतर ती पुन्हा बाहेर पडते. चित्रपटाला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. समीक्षकांनी तिचे शेवटचे पाऊल साजरे केले; कौटुंबिक प्रेक्षकाने 'त्या लहान मुलीचे काय?' असे विचारले.

हा प्रश्न मागासलेला म्हणून झटकून टाकण्यात आला, ही चूक झाली. कारण चित्रपटानेच तो विचारला आहे. मुलगी दुरावते, हे त्यात लपवलेले नाही. सुलभाच्या निर्णयाची किंमत तिने, तिच्या मुलीने आणि काही अंशी तिच्या पतीनेही मोजली, हे दाखवण्याचे धैर्य 'उंबरठा'त आहे. म्हणूनच तो प्रौढ चित्रपट ठरतो. प्रौढपणाचा अर्थ उघडेपणा नव्हे. कृतीचा परिणाम डोळे उघडे ठेवून पाहण्याची तयारी म्हणजे प्रौढपणा.

महेश मांजरेकर यांचा 'अस्तित्व' २००० मध्ये मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत आला, तेव्हा तोच वाद पुन्हा उभा राहिला. तब्बू यांची अदिती ही पुण्यातील गृहिणी. पती सतत दौऱ्यावर, नोकरी करण्यास त्याची मनाई, गाणे शिकवायला येणाऱ्या गुरूशी एकदा घडलेला संबंध आणि सुमारे पाव शतकानंतर त्या गुरूच्या मृत्युपत्रामुळे उघडे पडलेले सत्य. स्वतः दौऱ्यांवर मर्यादा न पाळलेला पती तिचा न्याय करायला बसतो. या चित्रपटालाही राष्ट्रीय पुरस्कार लाभला. काहींनी तो व्यभिचाराचे समर्थन ठरवला, तर काहींनी मुक्तीचा जाहीरनामा.

चित्रपट लक्ष देऊन पाहणाऱ्याला मात्र वेगळीच गोष्ट दिसते. अदितीने त्याच वेळी पतीला सारे सांगण्याचा प्रयत्न केलेला असतो. बाळाच्या बातमीच्या आनंदात तो ऐकून घेत नाही. दांपत्यातील ही न झालेली संभाषणे हाच त्या चित्रपटाचा विषय आहे. चूक चूकच राहते. चित्रपट तिला पुण्य म्हणत नाही. एकाच चुकीला पुरुषासाठी एक न्याय आणि स्त्रीसाठी दुसरा का, एवढेच तो विचारतो. ज्या समाजाला एकपत्नीव्रती रामाचा आदर्श अभिमानाने सांगावयाचा आहे, त्याला हा प्रश्न टाळता येणार नाही.

एकाच वर्षाचे दोन प्रेक्षक

समीक्षा आणि प्रेक्षक यांच्यातील अंतर पाहायचे असेल तर १९९१ हे वर्ष घ्यावे. त्या वर्षी विजय कोंडके यांचा 'माहेरची साडी' आला. अलका कुबल यांची सासुरवाशीण पाहण्यासाठी खेड्यापाड्यांतून स्त्रियांची रीघ लागली. राजस्थानी 'बाई चाली सासरिये'वरून घेतलेल्या या चित्रपटाला जाणकारांनी 'रडका' म्हणून बाजूला सारले. त्याच वर्षी रंगभूमीवर प्रशांत दळवी यांचे, चंद्रकांत कुलकर्णी यांनी दिग्दर्शित केलेले 'चारचौघी' आले. आई आणि तीन मुली यांच्या आयुष्यातील विवाह, विवाहबाह्य संबंध आणि निवड यांची चर्चा करणाऱ्या या नाटकाला समीक्षकांनी उचलून धरले. थोरल्या विद्याचा, पतीशी दूरध्वनीवर चाललेल्या संभाषणाचा दीर्घ प्रवेश वंदना गुप्ते यांनी गाजवला. २०२२ मध्ये नव्या संचात हे नाटक पुन्हा आले आणि पुन्हा गर्दी खेचू लागले.

एक चित्रपट रडवणारा, एक नाटक विचार करायला लावणारे. एकाचा प्रेक्षक गावाकडचा, दुसऱ्याचा शहरी, असे वर्गीकरण करून मंडळी मोकळी झाली. परंतु तिकीट काढून 'माहेरची साडी'ला रडणारी स्त्री मूर्ख नव्हती. जात्यावरच्या ओवीत जे आजीने सांगितले तेच ती पडद्यावर पाहत होती. चित्रपटाने तिचे दुःख ओळखले. त्या दुःखातून वाट मात्र दाखवली नाही, ही त्याची मर्यादा होय. 'चारचौघी'ने वाट शोधली. पण खांब-कोलाडच्या सासुरवाशिणीला ती वाट परवडण्याजोगी आहे का, हे त्या दिवाणखान्यात विचारले गेले नाही. दोन्ही कृतींना एकमेकींची गरज होती. समीक्षेने त्यांची गाठ घालून द्यायला हवी होती.

ही गाठ थोडीफार पडली ती २०२३ मध्ये, केदार शिंदे यांच्या 'बाईपण भारी देवा'मुळे. एकमेकींपासून दुरावलेल्या सहा बहिणी मंगळागौरीच्या स्पर्धेच्या निमित्ताने एकत्र येतात, एवढेच कथासूत्र. त्या वर्षीच्या मराठी चित्रपटांत त्याने सर्वाधिक उत्पन्न मिळवले. बायका घोळक्याने, नटूनथटून चित्रपटगृहांत गेल्या. काही परीक्षकांनी तो साधा आणि गोड म्हटला. मात्र त्यातील एकेका बहिणीच्या संसारातील अपमान, एकाकीपण आणि तुटलेपण साधे नाही. नवविवाहितेचे व्रत असलेली मंगळागौर येथे प्रौढ स्त्रियांच्या स्वतःकडे परतण्याचे साधन बनते. आपल्याच सणातून स्त्रीला बळ मिळू शकते, यासाठी घर मोडावे लागत नाही आणि मनही मारावे लागत नाही, हे या चित्रपटाने रंजनाच्या भाषेत सांगितले.

जपानच्या एका कोपऱ्यातून

आता पुन्हा मोबाइलवरील जपानी चित्रमालिकांकडे वळावे. प्रौढांसाठीच्या तिथल्या निर्मितीत विवाहित स्त्री हा एक ठरलेला साचाच आहे. त्यांतील बराच भाग पाहणाऱ्याची वखवख शमवण्यासाठी बेतलेला असतो. तिथे स्त्रीला नाव असते, चेहरा असतो, कुंकवाच्या ठिकाणी अंगठी असते; मन मात्र नसते. अशा कथा टाकाऊ आहेत, त्या परक्या आहेत म्हणून नव्हे, तर त्यांत माणूसच नाही म्हणून. याच मापाने मोजले तर स्वदेशी म्हणून मिरवणाऱ्या काही वेबमालिकाही त्याच टोपलीत जातील.

त्याच जपानने २०१६ मध्ये एक वेगळा ॲनिमे चित्रपट जगाला दिला. सुनाओ काताबुची यांचा हा चित्रपट फुमियो कोनो यांच्या चित्रकथेवर आधारलेला असून त्याच्या नावाचा अर्थ 'जगाच्या या कोपऱ्यात' असा होतो. हिरोशिमाजवळची सुझू १९४४ मध्ये कुरे या नौदलाच्या बंदरगावी सून म्हणून जाते. अनोळखी नवरा, कडवट नणंद, शिधावाटपाचे धान्य, रानातला पाला शिजवून भागवलेला संसार आणि डोक्यावर बॉम्बवर्षाव. एका स्फोटात तिची लहानगी भाची जाते आणि चित्रे काढणारा तिचा स्वतःचा उजवा हातही. माहेर असलेल्या हिरोशिमावर अणुबॉम्ब पडतो. चित्रपटात एक नाजूक प्रसंग आहे: बालपणीचा मित्र पाहुणा म्हणून येतो आणि नवरा तिला त्याच्या सोबतीला पाठवतो. मित्राबद्दल जिव्हाळा असूनही ती मर्यादा ओलांडत नाही. आणि नंतर, आपल्याला असे परस्पर का सोपवले म्हणून नवऱ्याशी कडाडून भांडते. तिची निष्ठा तिची स्वतःची आहे. ती कोणी कोणाला देऊन टाकायची वस्तू नाही.

या चित्रपटाला जपानमध्ये मोठा सन्मान मिळाला; 'किनेमा जुन्पो' या मान्यवर नियतकालिकाने त्या वर्षीचा सर्वोत्कृष्ट जपानी चित्रपट म्हणून त्याची निवड केली. सुझू घर सोडत नाही. तरी तिला दासी म्हणण्याचे धाडस कोणी करणार नाही. सिंधू, नीरा, सुलभा, अदिती यांच्या रांगेत तिला बसवले तर मराठी गृहिणी तिला चटकन ओळखेल.

पेणची आई, रोह्याची सून

पडद्यावरील पात्रे क्षणभर बाजूला ठेवून रायगडच्या मातीशी नाते असलेल्या दोन स्त्रियांकडे पाहावे. पेण तालुक्यातील गागोदे हे विनोबा भावे यांचे जन्मगाव. त्यांच्या आई रुक्मिणीबाई आयुष्यभर घरातच राहिल्या. गीता समजून घ्यावी, ही त्यांची ओढ. संस्कृत कळेना आणि मराठी अनुवाद मनाला भिडेना, तेव्हा त्यांनी विनोबांनाच तो करायला सुचवले. १९१८ मध्ये त्या गेल्या. पुढे विनोबांनी 'गीताई' लिहिली. १९३२ मध्ये ती प्रसिद्ध झाली आणि घरोघरी गेली. चुलीपाशी बसलेल्या एका विवाहितेची जिज्ञासा या ग्रंथाच्या मुळाशी आहे.

दुसऱ्या दुर्गाबाई. आठव्या वर्षी झालेला विवाह त्यांनी कळत्या वयात नाकारला, शिक्षण घेतले, स्वातंत्र्यलढ्यात कारावास भोगला, आंध्र महिला सभा उभारली, संविधान सभेत काम केले. १९५३ मध्ये रोह्याशी नाते असलेल्या चिंतामणराव देशमुख यांच्याशी त्यांचा विवाह झाला आणि केंद्रीय समाजकल्याण मंडळाच्या त्या पहिल्या अध्यक्षा झाल्या.

यांतील एक उंबरठ्याच्या आत राहिली, दुसरीने एक उंबरठा नाकारून दुसरा स्वतः निवडला. यांतील श्रेष्ठ कोण, हा प्रश्नच हास्यास्पद ठरेल. प्रत्यक्ष आयुष्यात जो विवेक दाखवता येतो, तोच कलाकृती पाहताना का दाखवता येऊ नये?

घराने काय करावे

कायद्याने आपले काम काही प्रमाणात केले आहे. २०२१ च्या माहिती-तंत्रज्ञान नियमांनुसार ओटीटी मंचांना वयानुसार वर्गवारी दाखवणे, तेरा वर्षांवरील गटापासून पालकांना कुलूप लावण्याची सोय देणे आणि प्रौढांसाठीच्या मजकुरासाठी वय पडताळणे बंधनकारक झाले. चित्रपटांसाठी २०२४ पासून पालकांच्या मार्गदर्शनाखाली पाहावयाच्या गटाचे सात, तेरा आणि सोळा वर्षे असे तीन भाग झाले. पालकांनी ही कुलपे वापरली पाहिजेत. लहान मुलांच्या हाती सर्व काही मोकळे सोडणे हे स्वातंत्र्य नव्हे, ती हयगय होय.

पण कुलूप वय मोजते, मूल्य मोजत नाही. अठरा वर्षे पूर्ण झालेल्या मुलाने किंवा मुलीने काय पाहावे, हे कोणतेही मंडळ ठरवू शकणार नाही. तिथे घरात रुजलेली पारखच उपयोगी पडते, आणि पारख बंदीतून येत नाही, बोलण्यातून येते. गावोगावची वाचनालये आणि महिला मंडळे यांनी वर्षातून दोनदा तरी एखादी अशी कलाकृती निवडून तिच्यावर मोकळी चर्चा घडवावी. संक्रांतीच्या हळदीकुंकवाला वाण लुटण्याबरोबर अर्धा तास 'कुंकू' किंवा 'उंबरठा' यांवर बोलता येईल. या चर्चेला पुरुषांनीही बसावे, कारण या कथांतील बहुतेक दुःखे पुरुषाने न ऐकल्यामुळे जन्मलेली आहेत.

विचारायचे प्रश्न तीनच आहेत. या कथेतील विवाहितेला स्वतःचे मन आहे काय? तिच्या आणि तिच्या पतीच्या वर्तनाला एकच न्याय लावला आहे काय? जे घडले त्याचा परिणाम कोणावर झाला, हे कथा प्रामाणिकपणे सांगते काय? या तीन प्रश्नांना जी कलाकृती उतरेल ती जपानची असो वा पुण्याची, तिच्यात स्त्री घरात राहो वा बाहेर पडो, ती प्रौढांनी पाहण्याजोगी आहे. जी उतरणार नाही, तिच्यावर संस्कृतीचे कितीही कुंकू लावले तरी ती हीनच राहील.

कुटुंब टिकावे असे ज्यांना मनापासून वाटते, त्यांनी कुटुंबातील स्त्रीचे ऐकण्याची सवय आधी लावून घेतली पाहिजे. जात्याच्या पलीकडच्या खुंट्यावर हात ठेवून बसलेली बाई नेमके तेच करत होती. जाती गेली, घरघर थांबली; ऐकणाऱ्याची ती जागा मात्र अजून रिकामी आहे आणि ती घरातल्यांनीच भरावयाची आहे.